दुष्यंताची हुरहूर आणि तमिळ चित्रपटगीतें

शाकुंतलाच्या पांचव्या अंकांत हंसपदिकेचें गीत कानीं पडतांच दुष्यंत अस्वस्थ होतो. शकुंतलेचें त्यास पूर्ण विस्मरण झालेलें असतें; कोणाचा विरह घडला म्हणावें, तर तसेंही कांहीं आठवत नाहीं; आणि तरी मन हुरहुरतें. जुन्या तमिळ चित्रपटगीतांवर त्या भाषेच्या लोकांचा जो जीव आहे, त्याचा विचार करूं लागलों म्हणजे आम्हांस हाच प्रसंग आठवतो. ज्यानें तो चित्रपट पाहिला नाहीं, ज्याच्या जन्मापूर्वींच गायक निवर्तला, तो नातूही आजोबांचें गाणें लागलें कीं हातचें काम थांबवून ऐकत राहतो. ही हुरहूर येते कोठून?

आमच्या मतें, तीं गाणीं पडद्यावर येण्यापूर्वींच घरांत होतीं. पहिला तमिळ बोलपट ‘काळिदास’ १९३१ सालीं मुंबईस इंपीरियल कंपनींत तयार झाला; त्यांत त्यागराजस्वामींच्या कृति घातल्या होत्या. कालिदासाच्या तोंडीं त्यागराज! विद्वानांनीं हंसावें असा हा कालविपर्यास. परंतु श्रोत्यांना त्याचें कांहींच वाटलें नाहीं, कारण ते स्वर त्यांचे देवघरांतलेच होते. पुढें ज्यांनीं तमिळ चित्रगीतास घाट दिला ते पापनाशम् शिवन् स्वतः भजनांत व कीर्तनांत मुरलेले. त्यांची चित्रपटांतील पहिली पदें आपल्या प्रभात कंपनीच्या ‘सीताकल्याणम्’ (१९३४) ह्या तमिळ बोलपटांत आहेत. दिग्दर्शक होते बाबूराव पेंढारकर.

शिवन् यांच्या पदांना खरा कंठ मिळाला तो एम. के. त्यागराज भागवतर यांचा. १९४४ च्या दिवाळींत ‘हरिदास’ प्रदर्शित झाला. स्त्रीमोहानें मातापित्यांस अंतरलेला पुत्र पश्चात्ताप पावून त्यांचीच सेवा करूं लागतो, ही कथा पुंडलिकाच्या आख्यानावर वाढलेल्या आपल्या वाचकांस परकी वाटणार नाहीं. मद्रासच्या ब्रॉडवे चित्रगृहांत त्यानें ओळीनें तीन दिवाळ्या पाहिल्या. परंतु चित्रपट लागून दोन-तीन महिने होतात न होतात तोंच भागवतर लक्ष्मीकांतन् खून खटल्यांत पकडले गेले, आणि १९४७ सालीं निर्दोष सुटेपर्यंत दोन वर्षांहून अधिक काळ त्यांचा बंदिवासांत गेला. गाणारा तुरुंगांत, आणि गाणें ब्रॉडवेमध्यें रोज चालू! सुटल्यावर पूर्वींचें वैभव त्यांस पुन्हां लाभलें नाहीं. १९५९ मध्यें ते वारले. त्या चित्रपटांतील मन्मथलीलेचें पद मात्र अजून तसेंच ताजें आहे. तें चारुकेशींत आहे. हा राग मूळचा दाक्षिणात्य. आपल्याकडे तो तिकडूनच आला, आणि ‘ययाति आणि देवयानी’ नाटकांतील अभिषेकीबुवांच्या पदानें मराठी कानांचा झाला.

ह्या सुरांचे धनी सारे जन्मानें तमिळ होते असेंही नव्हे. १९४१ च्या तमिळ ‘सावित्री’त सावित्रीचें काम आपल्या शांता आपटे यांनीं केलें, आणि त्यासाठीं त्या तमिळ शिकल्या. त्याच चित्रपटांत नारद झाल्या होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी, पुढें १९४५ च्या ‘मीरा’मधील, वाऱ्यावरून येणाऱ्या गीताविषयींचें कल्कींचें पद त्यांनीं असें गाइलें कीं तें त्यांच्या नांवाशीं कायमचें जडलें. १९६१ च्या ‘पासमलर’मध्यें भाऊ व बहीण यांच्या मुखीं अंगाईगीत आहे. कवि कण्णदासन् तमिळच. परंतु संगीतकार-जोडींतील विश्वनाथन् पालघाटकडील मल्याळी, गायक सौंदरराजन् यांची घरची बोली सौराष्ट्री, आणि सुशीला तेलुगू. भाषाभिमान्यांनीं ह्यावर अवश्य विचार करावा.

१९५२ नंतर केसकर मंत्री असतां आकाशवाणीनें चित्रपटगीतांवर नाक मुरडलें, तेव्हां तमिळ घरें सिलोन रेडिओकडे वळलीं. चित्रपट एकदां पाहावयाचा, गाणें मात्र स्वयंपाकघरांत वर्षानुवर्षें ऐकावयाचें. त्यामुळें कथा पुसट झाली तरी पद आईच्या आवाजाशीं जडून राहिलें. देवघराचेच स्वर जिव्हाळ्याचे असें मात्र कोणीं समजूं नये. १९७६ मध्यें इळैयराजा यांनीं ‘अन्नक्किळि’त खेड्यांतील गाण्यांची धाटणी आणली, आणि ज्यांच्या घरीं तंबोरा कधीं लागला नव्हता त्यांनाही आपल्या शेतावरचे सूर पडद्यावर भेटले.

अलीकडे जुन्या गाण्यांस नव्या तालवाद्यांचा गदारोळ जोडून तीं पुन्हां बाजारांत आणतात. आम्हांस तें रुचत नाहीं. शब्दच ऐकूं येईनासे होतात. माटुंग्याच्या तमिळ घरांतून अशीं मुलें आम्हीं पाहिलीं आहेत कीं ज्यांस तमिळ अक्षर वाचतां येत नाहीं. भागवतरांचें पद लागलें कीं तीं मांडीवर आदितालाचे आठ ठोके अचूक धरतात; अर्थ विचारला तर आजीकडे पाहतात.