वसंत देसाई

वसंत देसाई (९ जून, इ.स. १९१२ - २२ डिसेंबर, इ.स. १९७५) हे मराठी व हिंदी चित्रपटसृष्टीतील संगीतकार होते. रागसंगीत व मराठी लोकसंगीत यांच्या आधारे त्यांनी चित्रपटगीतांना चाली दिल्या. त्यांची दोन प्रार्थनागीते चित्रपटाबाहेर पडून भारतातील अनेक शाळांच्या दैनंदिन परिपाठाचा भाग झाली.

== सुरुवातीचे जीवन ==
देसाई यांचा जन्म कुडाळ तालुक्यातील सोनवडे या गावी झाला. कीर्तन, भजन व दशावतार यांच्या वातावरणात त्यांचे बालपण गेले. तरुणपणी ते कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीत दाखल झाले. तेथे त्यांनी पडेल ते काम केले, भूमिका केल्या आणि अयोध्येचा राजा (१९३२) या बोलपटात गायनही केले. गोविंदराव टेंबे, केशवराव भोळे व मास्टर कृष्णराव या संगीतकारांचे काम त्यांना प्रभातमध्ये जवळून पाहता आले.

== कारकीर्द ==
व्ही. शांताराम यांनी मुंबईत राजकमल कलामंदिर ही संस्था स्थापन केल्यावर तिच्या शकुंतला (१९४३) या चित्रपटाला देसाई यांनी संगीत दिले. डॉ. कोटणीस की अमर कहानी (१९४६), लोकशाहीर रामजोशी (१९४७) व दहेज (१९५०) हे त्यानंतरचे चित्रपट होत. रामजोशी आणि होनाजी बाळा यांच्या जीवनावरील अमर भूपाळी (१९५१) या चित्रपटांत लावणी, पोवाडा व भूपाळी हे प्रकार कथेचाच भाग होते. त्यामुळे शाहिरी परंपरेचा बाज सांभाळून नव्या श्रोत्यांना रुचेल अशी रचना करणे आवश्यक होते.

शास्त्रीय गायक-वादकांना त्यांनी चित्रपटसंगीतात मानाचे स्थान दिले. झनक झनक पायल बाजे (१९५५) चे शीर्षकगीत उस्ताद अमीर खाँ यांनी गायले, तर गूँज उठी शहनाई (१९५९) मध्ये उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांचे सनईवादन आहे. आचार्य अत्रे यांच्या श्यामची आई (१९५३) या चित्रपटाचे संगीतही देसाई यांचेच होते.

आशीर्वाद (१९६८) मध्ये त्यांनी अशोक कुमार यांच्याकडून आगगाडीवरील बालगीत म्हणवून घेतले. गुड्डी (१९७१) द्वारे त्यांनी वाणी जयराम यांना हिंदी चित्रपटात प्रथम संधी दिली. त्यातील मियाँ मल्हार रागावर आधारित गीतामुळे वाणी जयराम देशभर परिचित झाल्या.

== प्रार्थनागीते व समूहगायन ==
दो आँखें बारह हाथ (१९५७) मधील भरत व्यासलिखित प्रार्थना तुरुंगातील कैद्यांच्या कथेसाठी रचलेली होती, तर गुड्डी मधील गुलजारलिखित प्रार्थना शाळेच्या प्रसंगात येते. केदार रागाची छाया असलेली ही दुसरी चालही गायनाचे शिक्षण न घेतलेल्या मुलांना एकत्र म्हणता येण्याइतकी सोपी आहे. शालेय विद्यार्थ्यांच्या समूहगायनाचे कार्यक्रमही देसाई यांनी बसवले.

इ.स. १९६६ मध्ये संयुक्त राष्ट्रसंघात एम.एस. सुब्बुलक्ष्मी यांनी गायलेल्या, कांचीचे शंकराचार्य चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांनी रचलेल्या संस्कृत शांतिगीताला देसाई यांची चाल होती.

== रंगभूमी ==
मराठी रंगभूमीवर पंडितराज जगन्नाथ, देव दीनाघरी धावला इत्यादी नाटकांना त्यांनी संगीत दिले.

== निधन ==
२२ डिसेंबर, इ.स. १९७५ रोजी मुंबईत उद्वाहनाच्या (लिफ्ट) अपघातात देसाई यांचे निधन झाले. त्यांचे संगीत असलेला शक हा हिंदी चित्रपट त्यानंतर, इ.स. १९७६ मध्ये प्रदर्शित झाला.