गोष्टीची डागडुजी

मोठा आखलेला कागद. वरच्या ओळीत ठळक अक्षरांत महाभारतातला एक श्लोक, प्रचलित छापील प्रतीतला. खाली प्रत्येक पोथीला एक आडवी ओळ. पोथीतला पाठ जिथे वेगळा असेल तिथे नेमक्या त्या अक्षराखाली वेगळं अक्षर लिहायचं. उजवीकडे शेऱ्यांना रुंद जागा: समासात मागाहून घातलेला मजकूर, हरताळ लावून केलेली दुरुस्ती, इतरत्र नसलेले जादा श्लोक. एकाने उतरवलेलं दुसऱ्याने पोथीशी पुन्हा ताडायचं. मग पुढचा श्लोक, पुढचा कागद. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरात हे काम काही दशकं चाललं.

अद्भुतकथांत अशा जादूगारांचे पंथ भेटतात, की जग ज्या गोष्टींवर उभं आहे त्या विरल्या की ते त्या सांधतात. आपल्याकडे अशी गोष्ट आहेच. भावकीत वाद पेटला, दिलेल्या शब्दाचा प्रश्न आला, भर सभेत अन्याय होताना वडीलधारे गप्प राहिले, की आपण आजही तिच्याच पात्रांची नावं घेतो. त्या गोष्टीची डागडुजी खरोखर झाली आहे, आणि ती करणारे लोक याच कागदांवर डोळे फोडत होते.

मागणी जुनी होती. मोरिझ विंटरनिट्झ या पंडिताने १८९७ मध्ये पॅरिसच्या प्राच्यविद्या परिषदेत महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीची गरज मांडली होती. युरोपात ते काम फारसं पुढे सरकलं नाही. १९१७ साली स्थापन झालेल्या भांडारकर संस्थेने १९१९ मध्ये ते हाती घेतलं. औंधचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी आर्थिक पाठबळ दिलं. नारायण बापूजी उटगीकरांनी १९२३ मध्ये विराटपर्वाचा नमुना छापून विद्वानांपुढे ठेवला. १९२५ मध्ये विष्णु सीताराम सुकथनकर प्रधान संपादक झाले आणि कामाला खरी पद्धत आली. सुकथनकर केंब्रिजला गणित शिकलेले आणि बर्लिनला हाइनरिख ल्यूडर्स यांच्या हाताखाली तयार झालेले होते.

अडचण पोथ्यांच्या संख्येची कमी, स्वभावाची जास्त होती. एरवी पोथ्यांची वंशावळ लावता येते: या पोथीवरून ती, तिच्यावरून पुढची. महाभारताच्या बाबतीत लेखकू शेजारच्या गावची पोथी आली की तिच्यातलंही उतरवून घेई, कथेकऱ्याच्या तोंडचं चांगलं वाटलं तर तेही घाली. व्यासांचं म्हणून जे कानावर आलं ते गमवायचं नाही, ही त्यामागची श्रद्धा. महाभारत फुगलं ते प्रेमाने फुगलं, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. आपण जो पाठ वर्षानुवर्षं वाचत आलो, त्यावर नीलकंठ चतुर्धरांच्या टीकेची छाप आहे. हे नीलकंठ मूळचे गोदाकाठच्या कोपरगावचे, सतराव्या शतकात काशीत राहिलेले. त्यांनीही अनेक पोथ्या जमवून चांगलं ते वेचलं होतं.

सुकथनकरांची कसोटी त्यामुळे लिपी आणि अंतर यांवर उभी राहिली. काश्मीरच्या शारदा लिपीतल्या पोथ्या उत्तरेच्या, केरळच्या मल्याळम लिपीतल्या दक्षिणेच्या. मध्ये सगळा देश. दोघींचा एकमेकींशी संपर्क नसताना पाठ जुळला, तर तो दोघींच्या फाटाफुटीआधीचा असणार. जिथे जुळत नाही आणि निर्णय पक्का नाही, तिथे छापील पाठाखाली नागमोडी रेघ. संपादकाला एखादी ओळ सुंदर वाटते म्हणून ती वर जात नाही, आणि स्वतःच्या अकलेने पाठ सुधारण्याचे प्रसंग अगदी मोजके. व्यासांच्या मुखातलं मूळ महाभारत शोधून काढलं असा दावाही त्यांनी केला नाही. हाती असलेल्या पोथ्यांच्या आधारे मागे जाता येईल तितकं मागे जायचं, एवढंच त्यांनी ठरवलं होतं.

या कसोटीत काय गळलं हे ऐकून वाचकाला धक्का बसतो. व्यास सांगतात आणि गणपती लिहितो, ही कथा परिशिष्टात गेली. स्वयंवरात कर्ण धनुष्य उचलतो आणि द्रौपदी त्याला सूत म्हणून नाकारते, हा प्रसंगही मुख्य पाठात उरला नाही. सर्वांत मोठा प्रश्न सभापर्वाचा. ते अमेरिकन संस्कृततज्ज्ञ फ्रँकलिन एजर्टन यांनी संपादित केलं. दुःशासन वस्त्र ओढतो, एकामागून एक वस्त्रं प्रकट होत राहतात. पण द्रौपदीने केलेला कृष्णाचा धावा तिथे नाही. तो तळटिपांत गेला. गंमत अशी, की पुढे उद्योगपर्वाच्या शुद्ध पाठात कृष्णच सांगतो, की मी दूर असताना तिने गोविंद म्हणून हाक मारली आणि ते ऋण माझ्या मनातून जात नाही. म्हणजे हाक कथेत आहे, सभेच्या वर्णनात नाही. एखादा धीट संपादक इथला दुवा जुळवून मोकळा झाला असता. इथे तसं केलेलं नाही. पोथ्या जे सांगतात तेवढंच ठेवलं, आणि वाद आजही चालू आहे.

माझ्या मते या विद्येचं मोठेपण इथे आहे. काढलेलं काहीही फेकलं नाही. लहान भर तारांकित होऊन पानाच्या तळाशी, मोठी भर परिशिष्टात, आणि प्रत्येकीसोबत ती कोणत्या पोथीत आहे त्याची खूण. संपादकाचा निर्णय ज्याला पटत नाही, त्याला तो उलटवण्याचं सगळं साहित्य त्याच पानावर मिळतं. आदिपर्व १९३३ मध्ये पूर्ण झालं. त्यानंतर नेपाळातून त्या पर्वाची एक फार जुनी पोथी हाती आली, आणि सुकथनकरांनी गाळलेले अनेक भाग तिच्यातही नव्हते.

सुकथनकर १९४३ च्या जानेवारीत वारले. महाभारताच्या अर्थावर मुंबईत चाललेली त्यांची व्याख्यानमाला अपुरी राहिली. पुढे श्रीपाद कृष्ण बेलवलकर आणि नंतर परशुराम लक्ष्मण वैद्य प्रधान संपादक झाले. रघुवीर, सुशीलकुमार डे, ह. दा. वेलणकर, रा. ना. दांडेकर यांनी वेगवेगळी पर्वं सांभाळली. १२५९ पोथ्या पाहून झालेली ही आवृत्ती एकोणीस खंडांत १९६६ मध्ये पुरी झाली. राष्ट्रपती राधाकृष्णन यांच्या हस्ते तिचं प्रकाशन झालं. पुढच्याच वर्षी इरावती कर्व्यांचं ‘युगान्त’ आलं, तेही याच पाठाच्या आधाराने.

हे खंड मोठ्या ग्रंथालयांत मिळतात. संस्कृत जेमतेम येत असलं तरी सभापर्वाचा खंड मागवा आणि वरचा पाठ वाचून थांबू नका. खालचा बारीक छाप वाचा. आपल्या आजीने सांगितलेली गोष्ट बहुधा तिथे सापडेल.