खेळ टिकतो म्हणजे नेमकं काय टिकतं?

वस्तूचं 'तेच-पण' कशात असतं, हा तत्त्वज्ञानातला जुना प्रश्न आज आपण एका संगणक-खेळाच्या निमित्ताने पाहू. खेळाचं नाव 'स्वॉट ४'. अमेरिकेतल्या इरॅशनल गेम्सने तो २००५ साली तयार केला.

बंदुकीचा खेळ म्हटला की आपल्या कपाळाला आठ्या पडतात. पण इथला नियम ऐका. आपण पाच जणांच्या पोलीस तुकडीचे प्रमुख असतो. दाराखालून छोटा कॅमेरा सरकवून आत कोण आहे ते पाहायचं, आत शिरताच 'शस्त्र टाका' असं ओरडायचं आणि समोरच्याने ऐकलं तर बेड्या घालायच्या. समोरच्याने कुणावर शस्त्र रोखलेलं नसताना गोळी झाडली, तर गुण कापले जातात. सर्वांत अवघड पातळीवर शंभरापैकी ९५ गुण मिळाले तरच मोहीम पार पडते. म्हणजे हा खेळ नेमबाजीपेक्षा संयमाची परीक्षा घेतो.

आता अडचण अशी, की खेळ म्हातारा होत नाही. त्याच्या भोवतीचं जग बदलतं. त्या काळच्या अनेक खेळांच्या डिस्कवर नक्कल रोखणारी जी व्यवस्था होती, ती विंडोज १० ने चालवणंच बंद केलं. डिस्क शाबूत, पण खेळ सुरू होत नाही! पडदे रुंद झाले. तेव्हा साध्या टेक्स्ट फाईलमधले रुंदी-उंचीचे आकडे हाताने बदलावे लागतात.

तिसरी अडचण अधिक बोलकी आहे. अनेकांनी मिळून खेळायचं, तर कुठे खेळ चालू आहे याची यादी लागते. ती यादी गेमस्पाय ही सेवा पुरवायची. ३१ मे २०१४ ला ती बंद झाली. प्रत्यक्ष खेळ कुणाच्या तरी स्वतःच्या यंत्रावर चालायचा, तो चालूच राहिला; पण घर आहे आणि पत्ता हरवला, अशी गत झाली. मग खेळणाऱ्यांनीच पर्यायी यादी उभी केली. २०१७ मध्ये जीओजी या दुकानाने डिस्कशिवाय चालणारी प्रत विकायला आणली. हौशी मंडळींच्या 'एलिट फोर्स' या जोडणीत दहा जण एकत्र मोहीम खेळू लागले.

डिस्क गेली, यादी बदलली, माणसं वाढली. मग हा तोच खेळ का? 'मिलिंदपञ्ह' ग्रंथात नागसेन भिक्षू राजा मिलिंदाला रथाबद्दल असंच विचारतात. चाक म्हणजे रथ का? आस म्हणजे रथ का? यातलं एकही नाही. पण हे सगळे भाग मिळून जे उभं राहतं, त्याला आपण रथ म्हणतो. याच वाटेने एक पाऊल पुढे जाऊन आम्हाला असं वाटतं, की खेळाच्या बाबतीत भागांना बांधणारी दोरी म्हणजे नियम. उद्या कुणी गुण कापण्याची तरतूद काढून टाकली, तर चित्रं तीच, आवाज तेच, पण खेळ दुसरा. उलट सगळे सुटे भाग बदलूनही 'आधी हाक, मग थांबणं' शिल्लक असेल, तर खेळ तोच.

कुणी म्हणेल, चित्रफिती आहेतच की, त्या जपून ठेवू. पण चित्रफितीत दुसऱ्याचं थांबणं दिसतं. समोर माणूस उभा आहे, त्याचा हात खिशाकडे जातोय, आणि आपलं बोट? तो अर्धा क्षण बघून कळत नाही, स्वतः त्यात सापडावं लागतं. म्हणून खेळ जपणं म्हणजे तो खेळता येईल असा ठेवणं. त्यासाठी फाइली लागतात, नियम सांगणारी पुस्तिका लागते, आणि नवख्याला 'घाई करू नकोस' असं सांगणारा एखादा जुना खेळाडूही लागतो.