करार मोडला, की लगेच चारसौवीस?

पैसे अडकले की पाय आधी पोलीस ठाण्याकडे वळतात. पण शब्द मोडणारा प्रत्येक जण ठग नसतो, आणि चुकीचा दरवाजा ठोठावला तर नुकसान तक्रार करणाऱ्याचंही होतं.

फसवणुकीचं कलम बोलीभाषेत इतकं रुजलं होतं, की राज कपूरने १९५५ साली आपल्या चित्रपटाचं नावच ‘श्री ४२०’ ठेवलं. १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली आणि ४२०चं ३१८ झालं. आकडा बदलला, सवय मात्र तीच. कंत्राटदाराने काम अर्धवट सोडलं, उधारीवर माल नेणारा पैसे देईना, जागेचा सौदा फिसकटला, की सल्ला तयार असतो : ‘टाका त्याच्यावर केस!’

फरक कुठे आहे?

समजा, घर दुरुस्तीसाठी कंत्राटदाराला दोन लाख रुपये आगाऊ दिले. त्याने भिंती फोडल्या, वाळू-सिमेंट आणलं. मग त्याचे पैसे दुसरीकडे अडकले आणि काम थांबलं. हा झाला करारभंग. त्याची भरपाई दिवाणी न्यायालयात मागायची. आता समजा, पैसे घेताना त्याला काम करायचंच नव्हतं; नाव खोटं, पत्ता खोटा, कागद बनावट. ही फसवणूक. इथे गुन्हा नोंदवायलाच हवा.

थोडक्यात, प्रश्न असतो तो पहिल्या दिवशीच्या हेतूचा. बिहारमधून आलेल्या एका जमीन व्यवहाराच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००० साली हेच स्पष्ट केलं : वचन देतानाच मनात कपट होतं, हे दिसलं पाहिजे. नंतर वचन पाळता आलं नाही, एवढ्यावरून कपट सिद्ध होत नाही.

मग लोक पोलिसांकडे का धावतात? दिवाणी दावा वर्षानुवर्षं रेंगाळतो आणि ठाण्यातल्या एका बोलावण्याने समोरचा नरमतो, असा समज आहे म्हणून. इंडियन ऑइल विरुद्ध एनईपीसी या खटल्यात २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने नेमकं याच प्रवृत्तीवर बोट ठेवलं. अर्थात, एकाच व्यवहारातून दिवाणी आणि फौजदारी अशी दोन्ही प्रकरणं उभी राहू शकतात, हेही न्यायालयाने सांगितलं. तरीही प्रकार थांबले नाहीत. एप्रिल २०२५मध्ये दिवाणी वादांना फौजदारी रूप देण्यावरून न्यायालयाने उत्तर प्रदेश पोलिसांना खडे बोल सुनावले.

दोघांचंही नुकसान

ज्याच्यावर गुन्हा दाखल होतो, त्याची अब्रू जाते, जामिनासाठी धावाधाव होते. गुन्हा रद्द करून घेण्यासाठी उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागते. मात्र सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली बजावलं आहे. पोलिसांची नोटीस आली तर घाबरून गायब न होता वकिलाचा सल्ला घेऊन हजर राहावं, हेच शहाणपणाचं.

आणि तक्रारदार? फौजदारी खटल्यात शिक्षा होईल. पैसे परत मिळतीलच असं नाही. पैशांच्या वसुलीचा दावा लावायची मुदत साधारणपणे तीन वर्षांची असते. पोलिसांकडे अर्ज दिला म्हणून ती थांबत नाही. ठाण्याच्या फेऱ्यांत ती उलटली, तर हक्काचे पैसेही हातचे जातात.

न वटलेल्या चेकचा मार्ग वेगळा आहे. बँकेकडून चेक परत आल्याचं कळल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस द्यायची. ती मिळाल्यावर १५ दिवसांत पैसे आले नाहीत, तर पुढच्या एका महिन्यात थेट न्यायालयात तक्रार करता येते.

म्हणून व्यवहार करतानाच करार लेखी करा, पावत्या जपून ठेवा, कामाच्या टप्प्यांप्रमाणे पैसे द्या. आणि वाद झालाच, तर राग शांत झाल्यावर एकच प्रश्न स्वतःला विचारा : समोरच्याने सुरुवातीपासूनच फसवलं, की त्याला पुढे जमलं नाही? कोणत्या दारात जायचं, ते या उत्तरावर ठरतं.