पिंपातली डॉली आणि दारातली सुईवाली

'सुया घ्या, बिबे घ्या, पोत घ्या...' अशी हाक परवा दुपारी आमच्या नायगावच्या सोसायटीत आली आणि शेजारच्या वहिनींनी जिन्यात खेळणाऱ्या नातवाला झटकन आत ओढलं. "या बायका पोरं पळवतात हो!" खोटं कशाला सांगू, माझाही हात कडीकडे गेलाच होता.

त्याच रात्री लेकीने एक जुना मूकपट दाखवला. 'द अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ डॉली', १९०८ सालचा. ग्रिफिथ या नावाजलेल्या अमेरिकन दिग्दर्शकाचा हा पहिलाच चित्रपट, जेमतेम बारा मिनिटांचा. फिरस्ता जिप्सी वस्तू विकायला येतो, बाई नको म्हणते. तो चोरीचा प्रयत्न करतो, नवरा त्याला मारून हाकलतो. मग हा सूड म्हणून छोट्या डॉलीला पळवतो आणि पिंपात कोंबतो. पिंप गाडीतून नदीत पडतं. सापडते हो ती शेवटी! पण पाहणाऱ्याच्या मनात काय राहतं? झोळीवाला पोरं नेतो, हेच ना?

चॅप्लिनच्या १९१६च्या 'द व्हॅगाबाँड'मध्येही जिप्सींनी पळवलेली मुलगी आहेच. गंमत म्हणजे आपली आजी अर्धी जिप्सी होती, असं चॅप्लिननेच आत्मचरित्रात लिहिलंय.

हे जिप्सी, म्हणजे रोमा लोक, हजारेक वर्षांपूर्वी आपल्याच देशातून तिकडे गेलेले. त्यांच्या भाषेत आजही पाण्याला पानी, नाकाला नाक आणि कानाला कानच म्हणतात.

इथे राहिलेल्या भटक्यांचं तरी काय झालं? इंग्रजांनी १८७१च्या कायद्याने कितीतरी जमातींवर जन्मतःच गुन्हेगार असा शिक्का मारला. तो कायदा १९५२ साली गेला, संशय काही गेला नाही. १ जुलै २०१८ला धुळे जिल्ह्यात राईनपाड्याला नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना पोरं पळवणारे समजून जमावाने ठार मारलं. मोबाइलवरच्या अफवा, दुसरं काही नाही. आणि आपल्या पालघर जिल्ह्यात गडचिंचले, १६ एप्रिल २०२०? दोन साधू आणि त्यांचा ड्रायव्हर गेले ते अशाच अफवेने.

काल सुईवाली पुन्हा आली. मी दार उघडलं. दोन सुया, एक दाभण घेतलं. तिने पाणी मागितलं, ते आधी कडेवरच्या पोराला पाजलं. परवाही ते पोर तिच्या कडेवर होतंच म्हणे, मला दिसलं नव्हतं.

वहिनी दाराच्या फटीतून बघत होत्या. "दाभण केवढ्याला दिलं?" एवढंच त्यांनी विचारलं.