वाटाण्याचा सिनेमा

पोरांनो, आपल्या जालन्यातून बियाण्याच्या पिशव्या ट्रक भरभरून बाहेर जातात. बद्रीनारायण बारवाले यांनी १९६४ साली इथंच ‘महिको’ ही बियाण्यांची कंपनी सुरू केली. पण बी रुजताना तुमच्यापैकी कुणी पाहिलंय? रुजलेलं पाहिलं असेल. रुजताना बघायला माणसाचे डोळे फार उतावळे.

ते दाखवलं दादासाहेब फाळक्यांनी. १९१२ मध्ये ते लंडनहून कॅमेरा घेऊन आले. पण सिनेमात पैसा लावणारा कुणी भेटेना. मग त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा मांडला आणि महिन्याहून जास्त दिवस थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर तो वेल मिनिटभरात वाढला! नाव ‘अंकुराची वाढ’. आता हिशेब करा. तेव्हा सेकंदाला साधारण १६ चित्रं सरकत, म्हणजे मिनिटाला ९६०. महिन्यावर वाटली तर दिवसाला ३२. तेवढे दिवस ना कुंडी हलवायची, ना कॅमेरा. हे बघूनच फाळक्यांना कर्ज मिळालं आणि १९१३ ला ‘राजा हरिश्चंद्र’ आला.

वाटाणा आधी पाणी पिऊन फुगतो, टरफल तडकतं आणि पहिलं बाहेर पडतं ते मूळ. अंधारात त्याला ‘खाली’ कसं कळतं? टोकाच्या पेशींत पिष्टाचे जड कण असतात, ते तळाला बसतात, त्यावरून. मग कोंब निघतो. वाटाण्याची दोन्ही दलं मातीतच राहतात, आपल्या हरभऱ्याचीही. कपाशीचं उलट. तिचा कोंब, मोंढ्यातला हमाल वाकून पोतं उचलतो तसा, दोन्ही दलं घेऊन वर येतो. म्हणून पेरणीनंतर जोराचा पाऊस होऊन मातीवर कडक पापुद्रा धरला की कपाशी आणि तिच्यासारखंच उगवणारं सोयाबीन आत अडकतात.

फाळक्यांनी पुढं तळेगावच्या काच कारखान्यावरही लघुपट केला, पडद्यावर आगकाड्याही नाचवल्या. पण मला विचाराल तर त्यांनी टिपलेला सगळ्यात अजब कारखाना तो वाटाणाच.

आता तुमची पाळी. काचेच्या ग्लासात ओला टीपकागद, काचेला टेकून चार हरभरे, रात्रंदिवस एक दिवा आणि समोर मोबाइल. दर अर्ध्या तासाला एक फोटो, चार दिवस. झाले १९२ फोटो, म्हणजे फाळक्यांच्या वेगानं १२ सेकंदांचा सिनेमा. तेवढे दिवस मात्र फोन हरभऱ्याचा. गेम खेळायला उचलायचा नाही!