प्रयोग, संहिता आणि स्मृती : निवेदिका जॅस्मिन ब्लाय

लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून २ नोव्हेंबर १९३६ रोजी बीबीसीची नियमित दूरचित्रवाणी सेवा सुरू झाली. जॅस्मिन ब्लाय या तिच्या पहिल्या निवेदकांपैकी एक होत. थेट प्रक्षेपण मुद्रित करण्याची सोय तेव्हा नव्हती. त्यामुळे त्यांचे बहुतांश निवेदन उच्चारताक्षणीच लुप्त झाले. नाटकाचा प्रयोग संपला तरी संहिता उरते. येथे मात्र प्रयोग हीच संहिता होती.

युद्ध तोंडावर येताच १ सप्टेंबर १९३९ रोजी सेवा थांबली. ७ जून १९४६ रोजी ती पुन्हा सुरू झाली, तेव्हा पडद्यावर प्रथम आलेल्या ब्लाय यांनी प्रेक्षकांना विचारले, की आपली आठवण आहे ना? हा प्रश्न केवळ सौजन्याचा नव्हे. जी कला मुद्रित होत नाही, तिचे दफ्तर प्रेक्षकांच्या स्मृतीतच असते.